मामा मुकादम, भाची कॅमेऱ्यामागे

वाचकाचं पत्र, थोडक्यात:

पत्र लिहिणारी २८ वर्षांची, मूळची बीड जिल्ह्यातली, सध्या पुण्यात. जाहिरात कंपनीत व्हिडिओ एडिटर, पगार ४६ हजार. आई-वडील १९ हंगाम कोयत्यावर, म्हणजे ऊसतोडीला गेले; ती आजीपाशी गावात राहून शिकली, मग वसतिगृह, मग पुण्यात मास कम्युनिकेशन. गेले तीन गाळप हंगाम ती रजा टाकून, शनिवार-रविवार जोडून फडावर जाते आणि आपल्याच गावच्या टोळीचं चित्रण करते. सुमारे ६० तासांचं फुटेज जमलं आहे. नोकरी सोडून पूर्णवेळ राजकीय माहितीपट करावेत, त्यातच करिअर करावं, असं तिच्या मनात आहे. वडील म्हणतात, ‘कोयता सुटावा म्हणून तुला शिकवलं, तू परत फडात चाललीस.’ सख्खा मामा त्या टोळीचा मुकादम, म्हणजे मजूर जमवून फडावर नेणारा आहे. त्यानेच एक काम आणलं आहे: भागातल्या एका नेत्याच्या ‘विकासकामांवर’ २० मिनिटांची फिल्म, निवडणुकीआधी हवी, सहा लाख रुपये, रोख. त्या पैशात आपली फिल्म पुरी होईल, असा तिचा हिशोब आहे. शिवाय सेन्सॉर आणि कोर्टकचेरीची भीती आहेच. शेवटी विचारते, ‘ताई, राजकीय फिल्म करायला जे धैर्य लागतं, ते माझ्यात आहे का?’

उत्तर:

ताई म्हणालीस, म्हणून मीही सरळ अगंतुगंवर येते.

तुझं पत्र दोनदा वाचलं. त्यात सहा लाख आहेत, वडील आहेत, मामा आहे, सेन्सॉर बोर्ड आहे. तू टिपलेलं दृश्य मात्र एकही नाही. ६० तासांत असं काय दिसलं की तीन वर्षं रजा जाळून तू फडावर जात राहिलीस, त्याबद्दल अक्षर नाही. तू एडिटर आहेस, म्हणून विचारायला कचरत नाही: ते ६० तास तू पहिल्यापासून शेवटपर्यंत एकदा तरी पाहिलेत का? बहुधा नसावेत. मी १६ वर्षं दुसऱ्यांचे माहितीपट एडिट केले. माझ्या टेबलावर रशेस, म्हणजे कच्चं चित्रण आणून टाकणाऱ्यांपैकी बहुतेकांनी ते स्वतः पाहिलेले नसत. शूटच्या वेळी आपण तिथे होतो, म्हणजे सगळं आलंच असेल, असं वाटतं. आपण तिथे होतो खरे, पण कार्डावर काय उतरलं ते निराळंच असतं. ज्या बाईच्या बोलण्याने आपल्या अंगावर काटा आला, तिच्या आवाजावर मागच्या ट्रॅक्टरने नांगर फिरवलेला असतो.

म्हणून नोकरीचा निर्णय आत्ता नको. रोज रात्री दोन तास बस. साधी वही घे, त्यात कोण, कुठे, काय बोललं, आवाज धड आहे का, एवढंच टिपून ठेव. महिनाभरात ६० तास संपतील. तुझ्याकडे फिल्म आहे की नुसतं फुटेज आहे, हे तुला तेव्हा माझ्याआधी कळेल.

आता विषय. ऊसतोड बायकांच्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रियांच्या बातम्या २०१९ मध्ये देशभर गाजल्या. विधिमंडळात प्रश्न आला, समिती बसली, आरोग्य विभागाने बीड जिल्ह्यात ८२,३०९ बायकांची पाहणी केली आणि त्यातल्या १३,८६१ जणींची गर्भाशयं काढली गेल्याचं सरकारी कागदावरच आलं. त्यानंतर कितीतरी कॅमेरे तुमच्याकडे येऊन गेले असतील. तेच पुन्हा सांगणारी आणखी एक फिल्म वाईट ठरणार नाही. पण त्यासाठी तूच हवीस असंही नाही. दिल्लीहून चार दिवसांसाठी आलेली टीमही ती करेल, आणि त्यांच्याकडे ड्रोन असेल.

त्यांच्याकडे नाही असं तुझ्याकडे एक आहे, आणि त्यालाच तू अडचण म्हणते आहेस. तुझा मामा.

तुला हे मी सांगायला नको, पण हा मजकूर मुंबई-ठाण्यातही वाचला जातो म्हणून दोन ओळी. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता; एकटा असेल तर अर्धा. पावसाळ्यात घरात दाणा नसतो तेव्हा मुकादम उचल, म्हणजे आगाऊ पैसे देतो, दिवाळीच्या आगेमागे टोळी निघते, आणि मग टनाच्या दराने ऊस तोडून ती उचल फेडायची. आजारी पडलं, पाळी आली, पोर तापाने फणफणलं, तरी खाडा झाला, म्हणजे कामाचा दिवस बुडला की पैसे कापले जातात. शस्त्रक्रियांचं मूळ शोधायला गेलं की माणूस या खाड्यापाशी येऊन पोचतो. कारखान्याच्या वहीत मजुराचं नाव बहुतेकदा नसतंच. कारखान्याचा करार वाहतूकदाराशी, मुकादमाशी. टोळी पळाली तर बुडतो मुकादम. म्हणजे वरून पाहिलं तर तो कर्जदार, खालून पाहिलं तर सावकार, आणि दिवाळीला तुझ्या आईकडे भाऊबीजेला येतो.

याहून राजकीय काय असतं? आपल्याकडे राजकीय फिल्म म्हटलं की मोर्चा, झेंडे, लाठीमार आणि नेत्याचं वेडंवाकडं भाषण डोळ्यांसमोर येतं. ते सगळं असतं आणि असायलाही हवं. पण तुझ्या मामाच्या वहीची पानं, कोणाच्या नावापुढे किती उचल, किती फिटली, किती पुढच्या सालावर गेली, हे वाचून दाखवणारी दहा मिनिटं मी तरी अजून पाहिलेली नाहीत. ती तू करू शकशील का, हा तुझ्या पत्रातला खरा गुंता आहे. नोकरी आणि सहा लाख त्याच्या मागून येतात.

आता करिअर. हा शब्द या धंद्याला नीट बसत नाही, हे तुला एका ठसठशीत उदाहरणाने सांगते. माहितीपट करणारे आनंद पटवर्धन. बिहार आंदोलनावरची ‘क्रांती की तरंगें’ त्यांनी १९७४-७५ मध्ये केली. उसन्या सुपर-८ कॅमेऱ्याने काढलेली दृश्यं पडद्यावर दाखवून १६ मिलिमीटरवर पुन्हा चित्रित केलेली! आणीबाणीत तिच्या प्रिंटचे तुकडे करून ते देशाबाहेर पाठवावे लागले. त्यानंतर १९८५ मध्ये ‘हमारा शहर’, १९९२ मध्ये ‘राम के नाम’, २००२ मध्ये ‘जंग और अमन’, २०११ मध्ये ‘जय भीम कॉम्रेड’, २०१८ मध्ये ‘विवेक’. मधल्या काही मी सोडल्या. दोन फिल्म्सच्या मध्ये किती वर्षं आहेत ते बघ. ‘जय भीम कॉम्रेड’ला १४ वर्षं लागली. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० माणसं गेली आणि चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. हेच घोगरे ‘हमारा शहर’मध्ये गायले होते. म्हणजे त्या फिल्मची मुळं त्याही आधीच्या बारा वर्षांच्या ओळखीत होती. एवढा काळ कुठलाही पगार धरून ठेवत नाही आणि कुठलं अनुदानही पुरत नाही.

आणि दुसरी बाजूही सांगायला हवी, कारण ती सांगितली जात नाही. पटवर्धनांच्या मागे स्वातंत्र्यलढ्यातले काका होते, अच्युतराव आणि रावसाहेब. आई निर्मला पटवर्धन कुंभारकलेतली मोठी कलावंत. पुढचं शिक्षण परदेशात. त्यांचं धैर्य यामुळे कमी होत नाही. पण तुला त्यांच्यासारखी उडी मारायची असेल तर खाली जाळी कोणाची आहे ते पाहून मार. तुझ्या खाली तुझ्या वडिलांची पाठ आहे, आणि ती १९ हंगाम मोळ्या वाहून आधीच वाकलेली.

म्हणून माझं मत सरळ आहे: राजीनामा देऊ नकोस. दोन मार्ग आहेत, दोन्ही कमी रोमांचक. एक, कंपनीशी बोलून पगारी नोकरीऐवजी कामागणिक बिल लावायचं. एडिटरला हे जमतं, कॅमेरामनपेक्षा सोपं जमतं. पावसाळ्यात भरपूर कामं घ्यायची, गाळपाचे चार-पाच महिने हात मोकळा ठेवायचा. दुसरा, आहे तिथेच राहून हंगामात दोन महिने बिनपगारी रजा मागायची. नाहीच म्हणाले तर तेव्हा पहिला मार्ग. आठ महिन्यांचा घरखर्च आणि घरी पाठवायचे पैसे बँकेत बाजूला पडल्याशिवाय पहिल्यालाही हात घालू नकोस. माझ्या ओळखीत पंचविशीत नोकरी सोडून या कामात आलेले सात-आठ जण होते. पस्तिशीला त्यातले दोघे उरले, आणि त्या दोघांचीही पोटं लग्नाच्या आणि कंपन्यांच्या व्हिडिओंवर भरत होती. मला त्यात काही कमीपणा दिसत नाही. लग्नाच्या शूटिंगमध्ये माणूस गर्दीत फोकस धरायला शिकतो.

पैसा बाहेरून मिळत नाही असं नाही. माहितीपट करणारी सरकारी फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये एनएफडीसीत, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली आणि जुनी सरकारी वाट अरुंद झाली. पब्लिक सर्व्हिस ब्रॉडकास्टिंग ट्रस्टने २००० पासून कितीतरी जणांना पहिली संधी दिली. बंगळूरची इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्स कलाप्रकल्पांना अनुदान देते. कोलकात्याला डॉकेजमध्ये देशी-परदेशी निर्माते आणि वाहिन्यांचे लोक नवे प्रकल्प ऐकायला बसतात. ॲमस्टरडॅमच्या महोत्सवाचा बर्था फंड आहे. अर्ज कर, पण एक सांगते: परदेशातून अनुदान घेण्याआधी एफसीआरए, म्हणजे परदेशी देणग्यांचा २०१० चा कायदा, आपल्याला लागू होतो का, हे चांगल्या सीएला विचार. फी लागेल. दे. राजकीय विषय असला की सेन्सॉरच्या आधी हिशोबाच्या वह्या तपासल्या जातात. आणि अर्जात ‘मी आवाजहीनांचा आवाज’ वगैरे लिहू नकोस. तुझ्या टोळीतल्या बायका बिनआवाजाच्या नाहीत, तू ६० तास ऐकलं आहेस.

आता ते सहा लाख.

यावर मी पटकन नाक मुरडणार नाही. दुसऱ्याच्या पैशात चांगलं काम होतं, सरकारी पैशातही झालं आहे. एस. एन. एस. शास्त्रींनी १९६७ मध्ये फिल्म्स डिव्हिजनच्याच पैशात ‘आय ॲम ट्वेंटी’ केली. स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेली पोरं त्यात देशाबद्दल जे बोलतात ते आजही कानात राहतं. म्हणजे पैसा कोणाचा, एवढ्यावर सगळं ठरत नाही. पण तुझा हिशोब असा आहे की नेत्याची फिल्म एका खोलीत, माझी फिल्म दुसऱ्या खोलीत, मधलं दार बंद. गाव एवढं मोठं असतं का गं? तू नेत्याच्या गाडीतून उतरून सभामंडपाचं, सिमेंट रस्त्याचं शूट करशील. ते टोळीतल्या बायका पाहतील. पुढच्या हंगामात तू फडावर गेलीस की त्या तुझ्याशी बोलतील, चहाही देतील, फक्त आत्तापर्यंत जे बोलत होत्या ते बोलणार नाहीत. तीन हंगामांत कमावलेली ही एवढीच तुझी मिळकत आहे.

शिवाय काम मामाने आणलंय. ते घेतलंस की मामाच्या वहीबद्दल तू त्याला कधीच काही विचारू शकणार नाहीस. त्याने तुला उचलच दिलेली असेल.

आणि रोख कशाला? विधानसभेच्या उमेदवाराला आपल्याकडे ४० लाखांची खर्चमर्यादा आहे, प्रचाराचा खर्च हिशोबात दाखवावा लागतो, टीव्ही किंवा समाजमाध्यमांवरच्या राजकीय जाहिरातीला आधी निवडणूक यंत्रणेच्या समितीची मंजुरी लागते. बिलाशिवाय सहा लाख देणारा माणूस तो खर्च कुठे दाखवणार नाही, हे उघड आहे. उद्या विचारणा झाली तर कागदावर नसलेली बाजू तुझी. कोणा वाचकाला पोटासाठी प्रचाराचं काम करावंच लागत असेल, तर मी त्याला अडवणार नाही. पण ते दुसऱ्या जिल्ह्यातलं असू दे, बिल लावून, बँकेतून पैसे घेऊन, आणि आपल्या विषयाच्या हद्दीबाहेरचं. तुझ्या बाबतीत मात्र नाही म्हण. मामाला कारण सांगताना तत्त्व सांगू नकोस, ‘कंपनी बाहेरचं काम करू देत नाही’ एवढं पुरे. बहुतेक कंपन्या खरंच करू देत नाहीत.

सेन्सॉरच्या भीतीबद्दल लिहितेस, त्यावर थोडं. १९५२ च्या कायद्यानुसार सार्वजनिक प्रदर्शनाला प्रमाणपत्र लागतं. ख्वाजा अहमद अब्बास यांनी आपल्या छोट्या माहितीपटावरून याला आव्हान दिलं, आणि १९७० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आधी तपासणी करण्याची पद्धत कायम ठेवली. तो पाया अजून हललेला नाही. मात्र त्याच कोर्टांत लढून फिल्म्स बाहेरही आल्या आहेत. पटवर्धनांच्या ‘जंग और अमन’वर सुचवलेले कट मुंबई उच्च न्यायालयाने २००३ मध्ये रद्द केले. १९९५ ची ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ दूरदर्शनने दाखवावी, असं सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये सांगितलं. जिंकले, पण साल बघ, ११ वर्षं गेली. २०१७ मध्ये अरविंद केजरीवालांवरच्या ‘ॲन इनसिग्निफिकंट मॅन’च्या दिग्दर्शकांकडे बोर्डाने चित्रपटात दिसणाऱ्या नेत्यांची ना-हरकत पत्रं मागितली होती. अपील न्यायाधिकरणाने ती फिल्म सोडवली आणि ती थिएटरला लागली. ते न्यायाधिकरण २०२१ मध्ये बंद झालं. आता बोर्डाच्या निर्णयावर अपील थेट उच्च न्यायालयात, म्हणजे वकिलाची फी आली. तुझ्या बजेटमध्ये ‘कायदा’ नावाची एक ओळ आजच घाल.

आणि प्रमाणपत्राच्या रांगेबाहेरही लोक फिल्म्स पाहत आले आहेत. २००४ मध्ये मुंबईच्या सरकारी माहितीपट महोत्सवाने भारतीय फिल्म्सना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घातली, तेव्हा माहितीपट करणारे एकत्र आले आणि प्रभादेवीच्या भूपेश गुप्ता भवनात ‘विकल्प’ भरवला. गुजरातच्या २००२ च्या दंगलींवरची राकेश शर्मांची ‘फायनल सोल्यूशन’ तिथे दाखवली गेली; बोर्डाने तिला नकार दिला तेव्हा त्यांनी लोकांना सांगितलं, सीडी घ्या आणि प्रती काढून वाटा. त्याच वर्षी बंदी उठली. गोरखपूरला २००६ पासून ‘प्रतिरोध का सिनेमा’ चालू झाला, प्रायोजक नाही, प्रेक्षकांच्या वर्गणीवर. यातलं काही कागदावर लिहून करिअर म्हणून दाखवता येत नाही, पण फिल्म माणसांपर्यंत पोचते ती बरीचशी याच वाटांनी.

तरीही, खरं सांगू? तुझ्या फिल्ममुळे पहिला फटका तुला बसणारच नाही. सेन्सॉर बोर्डाला तुझं नाव कळायला दोन वर्षं लागतील. त्याआधी, ज्या बाईने कॅमेऱ्यासमोर खाड्याचा हिशोब सांगितला, तिच्या नवऱ्याला पुढच्या पावसाळ्यात उचल मिळणार नाही. झालं. ना नोटीस, ना कोर्ट, ना बातमी.

हे मी ऐकीव बोलत नाही. अनेक वर्षांपूर्वी एका वस्तीच्या पाडकामावर मी फिल्म एडिट केली होती. त्यात एक बाई होती, बोलायला फटकळ, विनोदी, कॅमेऱ्याला न घाबरणारी. ती आपल्या मालकिणीची नक्कल करायची. मला तो शॉट इतका आवडला की दिग्दर्शक थोडा बिचकत असताना मीच तो ठेवायला लावला. सभागृहात दर वेळी हशा. पुढे कळलं की ती फिल्म त्या मालकिणीच्या सोसायटीतल्या कोणीतरी पाहिली आणि बाईची ती कामं गेली, शेजारच्या दोन घरांतलीही. तिने सही केली होती. फॉर्म इंग्रजीत होता. मी नंतर तिला भेटायला गेले, तर मला म्हणाली, ‘तुम्ही हसलात ना, मग झालं.’ यावर मला अजून उत्तर सुचलेलं नाही.

म्हणून संमती. सहीचा कागद ठेव, पण त्यावर भरवसा ठेवू नकोस. त्यांच्या बोलीत, कॅमेऱ्यासमोरच सांग की हे कोण पाहील, मुकादम पाहील, कारखान्याचा शेतकी अधिकारी पाहील, आणि अमुक तारखेपर्यंत तू ‘काढून टाक’ म्हणालीस तर मी काढीन. आणि म्हणाली तर काढ, कितीही जीव तुटला तरी. कोणाचा चेहरा झाकायचा, कोणाचा फक्त आवाज घ्यायचा, हे एडिटच्या टेबलावर नाही, त्यांच्या कोपीत, फडाजवळच्या झोपडीत बसून ठरव. फिल्म कधी बाहेर काढायची तेही उचलीच्या दिवसांकडे पाहून ठरव. उचली वाटून झाल्या, टोळ्या निघाल्या, की मग. या एका गोष्टीवर महोत्सवाच्या तारखेने मात करू नये.

संमतीनंतरही प्रश्न राहतो. ‘रायटिंग विथ फायर’ आठवते का? बुंदेलखंडातल्या ‘खबर लहरिया’च्या दलित पत्रकार बायकांवरची. २०२२ मध्ये ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेली. आणि सोहळ्याच्या तोंडावर खुद्द खबर लहरियाने जाहीर निवेदन काढलं की यात आमच्या कामाचा एक भाग आहे, तो पूर्ण आमचा नाही, अर्धी गोष्ट पूर्ण गोष्टीला वाकडं करते. मला ती फिल्म आवडली होती. त्या बायकांचं म्हणणंही पटलं. दोन्ही एकाच वेळी पटतं, हा या कामातला त्रास आहे. तुझ्यापुरता त्यावर उपाय एकच दिसतो: रफ कट झाला की तो पहिल्यांदा टोळीसमोर लाव. पुण्यातल्या मित्रांसमोर नाही.

आणि मामा. त्याला चोरून शूट करू नकोस. भाची म्हणून ओट्यावर बसायचं आणि फोन उलटा ठेवून रेकॉर्डिंग चालू करायचं, हे पत्रकारितेत कधी चालत असेल, नात्यात चालत नाही. उघड विचार. म्हण, ‘मामा, लोक मुकादमाला शिव्या घालतात. तुमची उचल कुठून येते, कोण बुडवतं, तुम्ही रात्री का झोपत नाही, ते तुम्ही सांगा.’ हो म्हणाला तर तुझी फिल्म कुठल्याही परक्याला जमणार नाही अशी होईल. नाही म्हणाला, तर मामा फिल्ममधून बाहेर. दुसरा मुकादम शोध, आणि मामाची टोळी सोडून दुसरी टोळीही शोधावी लागेल कदाचित. ६० तासांतले वीस-पंचवीस हातचे जातील. जाऊ देत. तिसरी शक्यता जास्त अवघड आहे: तो हो म्हणेल, कॅमेऱ्यासमोर खरं बोलेल, आणि ते खरं ऐकून तुझ्या आईला त्रास होईल. याला माझ्याकडे तोड नाही. आईला आधी सांगून ठेव एवढंच.

वडिलांच्या वाक्याला तू विरोध म्हणतेस. मला तो हिशोब वाटतो. त्यांनी एवढ्या हंगामांची किंमत मोजून तुला फडाबाहेर काढलं, तू बिनपगारी परत जाते आहेस; कोणीही विचारेल. त्यांच्याशी राजकारणावर वाद घालू नकोस, वहीचं एक पान दाखव: महिन्याला किती येतात, घरी किती पाठवते, बाजूला किती पडलेत, किती दिवस पुरतील. आणि मग एके दिवशी फुटेज दाखव. फार नाही, पंधरा मिनिटं. तू तीन हंगाम फडावर गेलीस, ते एकोणीस. ऊस कोणत्या जातीचा, मोळी कशी बांधली आहे, कोण थकलंय आणि कोण कॅमेऱ्यासाठी कोयता जोरात चालवतंय, हे ते एका नजरेत सांगतील. ज्ञानी समीक्षकांना हे दिसत नाही. कदाचित ते पाच मिनिटांत उठून जातील. तेही कळलेलं बरं.

नागपूर, लातूर आणि मडगावहूनही गेल्या वर्षभरात अशा अर्थाची पत्रं आली: राजकीय फिल्म करायची आहे, सुरुवात कुठून करू. त्यांना एवढंच सांगते, कॅमेऱ्याला पैसे घालू नका, माईकला घाला. चित्र हललेलं लोक सोसतात, आवाज गेला की उठून जातात. फुटेजच्या तीन प्रती, त्यातली एक दुसऱ्याच्या घरी. आणि देशाचा प्रश्न घेण्यापेक्षा ज्या दारात चपला काढून आत जाता येतं तिथला प्रश्न घ्या.

धैर्याचं राहिलं. तुझ्यात ते आहे की नाही, मला कसं कळणार? मामासमोर कॅमेरा ठेवून पहिला प्रश्न विचारशील तेव्हा तुझं तुलाच कळेल, आणि त्याला सेन्सॉर बोर्ड लागणार नाही.

कट मला पाठवू नकोस. आधी टोळीला दाखव. पडदा म्हणून पांढरं धोतर चालतं, दोन बांबू आणि चार पिना, मी पुष्कळदा केलंय. प्रोजेक्टर माझ्याकडे आहे, पडून आहे. त्याचा पंखा जरा आवाज करतो, म्हणून मागच्या बाजूला पोरांना बसव, त्यांचा आवाज त्याहून मोठा असतो. तारीख ठरली की कळव, मी घेऊन येते.